सातव्या मशीनची सुई

तुरुंग फुटला त्या क्षणी मी स्टुलावर पाय वर घेऊन बसले होते आणि सोळा कैदी माझ्या आजूबाजूला रांगत सुईचं टोक शोधत होते. पुढे हेच वाक्य मी न्यायालयात शपथेवर म्हटलं तेव्हा सरकारी वकील हसले. हसू येण्यासारखंच आहे ते. पण त्यावर एका माणसाची पुढची कितीतरी वर्षं टांगलेली होती, म्हणून नीट सांगते.

फरीदाबादच्या एका एक्स्पोर्ट कारखान्यात मी बावीस वर्षं क्वालिटीला होते. शिवण उसवते का, बटण ओढल्यावर हातात येतं का, हे बघणं माझं काम. कारखाना बंद पडला तेव्हा मी पन्नाशीला टेकले होते. नवरा केंद्र सरकारच्या नोकरीत, मुलगी लग्न होऊन बाहेर. एका संस्थेने विचारलं, जिल्हा तुरुंगात पुरुष कैद्यांचा शिलाईचा वर्ग आहे, आठवड्यातून दोन दिवस शिकवाल का? मी विचारलं, मशिनं कुठली आहेत? फोनवरचे गृहस्थ म्हणाले, हे पहिल्यांदाच कुणी विचारतंय. आधीच्या सगळ्या बायकांनी सुरक्षेचं विचारलं होतं म्हणे.

मशिनं जुनी होती, पायडलची. खाली पाय मारायचा, बाजूचा लोखंडी दांडा मोठं चाक फिरवतो, चाकावरचा पट्टा वरची मशीन चालवतो. बायकांच्या पिढ्यान् पिढ्या त्यावर निघाल्या. सोळा मशिनं, सोळा माणसं. शिवायचं काय, तर दवाखान्यांच्या चादरी, उशांचे अभ्रे आणि कैद्यांचे स्वतःचे कुडते. वर्गात सगळ्यांना निळा एप्रन असे.

तिथे गेल्यावर मी पहिली गोष्ट केली ती म्हणजे कारखान्याची एक पद्धत सुरू केली. एक्स्पोर्टच्या कामात सुई तुटली की तिचे सगळे तुकडे सापडल्याशिवाय कुणी जागचं हलत नाही. तुकडा कपड्यात राहिला आणि परदेशातल्या कुणा बाळाला टोचला, तर अख्खी ऑर्डर परत येते. म्हणून एक वही असते. तारीख, मशीनचा नंबर, शिवणाऱ्याची सही, आणि खाली सेलोटेपने चिकटवलेले तुकडे. टोक सापडेपर्यंत मॅग्नेट फिरवायचं. तुरुंगात ही पद्धत सगळ्यांना पटली, कारण तिथे सुईचा तुकडा कुणाच्या चादरीत नाही, कुणाच्या गळ्याशी सापडायची भीती होती. कैदी मला मागून ‘सुईवाली’ म्हणत. एकदा तोंडावरही म्हणाले.

सातव्या मशीनवर मास्टर बसायचा. पंचेचाळिशीचा, पुढचे केस गेलेला. बाहेर त्याचं लेडीज सूटचं दुकान होतं. त्याला शिकवण्यासारखं माझ्याकडे काही नव्हतं, उलट कॉलर बसवायची एक युक्ती मीच त्याच्याकडून शिकले. तो वर्गात यायचा तो माफीसाठी. काम केलं, वागणूक चांगली ठेवली की महिन्याला शिक्षेतले काही दिवस कमी होतात, त्याला माफी म्हणतात. त्याच्या सात वर्षांतून अशी जवळजवळ वर्षभराची माफी त्याने जमवली होती. कशासाठी आत आला हे मी कुणालाच विचारत नसे. त्याचं पुढे खटल्याच्या कागदांतून कळलं. जमिनीच्या भांडणात मेव्हण्याच्या डोक्यात काठी घातली होती, मेव्हणा गेला.

आता त्या दिवसाबद्दल. तुरुंगात शिरताना घड्याळ आणि फोन दारावर जमा करावे लागत. वर्गाच्या खोलीत भिंतीवर घड्याळ नव्हतं. वेळ कळायची ती चहावरून. तीनच्या सुमाराला बादलीतून चहा येई. त्या दिवशी चहा येऊन गेला होता, रिकामे पेले अजून मशिनांवरच होते, आणि सातव्या मशीनवर सुई तुटली.

मास्टरने हात वर केला. दोन तुकडे लगेच मिळाले. टोक मिळेना. मी वहीत नोंद सुरू केली, दोन तुकडे चिकटवले, त्याची सही घेतली आणि सगळ्यांना खाली बसवलं. मास्टर मॅग्नेट घेऊन माझ्या स्टुलापाशी आला.

“पैर ऊपर कीजिए मॅडम.”

“इथे नाही आलेलं ते.”

“सुई को क्या पता मॅडम की आप कहां बैठी हैं. ऊपर कीजिए.”

मी पाय वर घेतले आणि पगली वाजली. तुरुंगात धोक्याच्या घंटेला पगली म्हणतात. ती वाजली की जो जिथे असेल तिथे बसायचं. आम्ही बसलेलेच होतो.

बाहेर धावपळ, शिट्या, शिव्या. आमच्या दारावर नेमलेला शिपाई जागेवर नव्हता. तो कुठे होता हे मला आजही माहीत नाही, आणि त्याच्या जबाबातही ते नव्हतं. तासाभराने मला बाहेर काढलं. ड्योढीत, म्हणजे दोन मोठ्या दरवाजांच्या मधल्या जागेत, फरशीवर लाल तिखट सांडलं होतं आणि एका वॉर्डरची टोपी पडली होती. तिघा कैद्यांनी त्याच्या डोळ्यांत तिखट फेकलं, लोखंडी दांड्याने डोक्यावर आणि तोंडावर मारलं, किल्ल्या घेतल्या आणि बाहेरच्या मोटरसायकलवर बसून गेले. एक त्याच संध्याकाळी हायवेवर सापडला, बाकीचे दोघे आठवड्याभरात. वॉर्डर वाचला. त्याचा डावा डोळा गेला.

घरी आल्यावर नवरा म्हणाला, “अगं, तुला आखिर काय गरज होती? पेन्शन आहे, फ्लॅट आहे. चलो, आता बंद.”

मी म्हटलं, “बंदच आहे. वर्गाला कुलूप लावलंय.”

मला वाटलं तिथे विषय संपला. चार महिन्यांनी फोन आला. विधी सेवेकडून मास्टरला मिळालेली वकील होती, मुलीच्या वयाची. पळालेल्या तिघांबरोबर चौथा आरोपी म्हणून मास्टरला धरलं होतं. ड्योढीकडे जाणारं आतलं फाटक कुणीतरी उघडं धरलं होतं. जखमी वॉर्डरने सांगितलं, निळा एप्रन, वयाने मोठा, पुढे केस नाहीत. आणि दांडा शिलाईच्या मशीनचा होता.

“आंटी, तो म्हणतो तो तुमच्या वर्गात होता.”

“मॅडम म्हण. आणि इतर पंधरा जण काय म्हणतात?”

“तेच म्हणतात. पण कैद्यासाठी कैद्याची साक्ष कोण मानतं? तुमचं हजेरी रजिस्टर आहे. त्यात तो प्रेझेंट आहे, खाली तुमची सही आहे. तेवढं येऊन सांगायचं. पाच मिनिटांचं काम.”

खुनाचा प्रयत्न आणि बळजबरीने पलायन सिद्ध झालं असतं तर त्याला आणखी दहाएक वर्षं लागली असती. आणि ती आधीची शिक्षा भोगून संपल्यावर सुरू झाली असती. माफी धरून त्याची शिक्षा तेव्हा दीड वर्षाहून कमी उरली होती.

अडचण अशी होती की ते हजेरी रजिस्टर खोटं होतं.

म्हणजे कुणाला फसवायला केलेलं नव्हे. ते ड्योढीतल्या मुन्शीकडे असायचं. मुन्शी म्हणजे लिखापढी करणारा जुना कैदी. मी आत शिरतानाच तो रजिस्टर पुढे करी. सोळा नावांपुढे ‘हजर’ आधीच लिहिलेलं असे, मी खाली सही करी. परत निघताना गिनतीची घाई असते, कैदी मोजले जात असताना बाहेरच्यांना थांबता येत नाही, म्हणून सही आधीच. सगळे शिक्षक असंच करत, योगवाले, संगणकवाले, सगळे. कारखान्यात मी आगाऊ सह्या करणाऱ्या सुपरवायझरना मेमो दिले आहेत. इथे दीड वर्ष मी स्वतः एकही चेहरा न बघता सोळा जणांची हजेरी दिली.

वकिलीणबाईंना मी हे सांगितलं.

“हे तुम्ही आपणहून सांगू नका. विचारलं तर बघू.”

मला मात्र दुसरीच गोष्ट छळत होती. मास्टर त्या दिवशी खरंच वर्गात होता का? पाय वर घ्यायला लावणारा मास्टर मला स्पष्ट दिसत होता. पण सुया आठवड्याला दोन-तीन तुटायच्या, आणि मॅग्नेट घेऊन तो माझ्या स्टुलाखाली अनेकदा आला होता. डोक्यात दिवस एकमेकांवर चढले होते. मी एका रविवारी स्वयंपाकघरातल्या टेबलावर कागद घेऊन बसले आणि तो दिवस आठवेल तसा लिहून काढायला लागले. नवरा चहा घेऊन आला, वाकून वाचलं.

“काय मिळालं तुला?”

“चहाचे पेले उचललेले नव्हते. आणि टोक सापडलं नव्हतं.”

“अच्छा. म्हणजे काय?”

म्हणजे हे, की टोक सापडल्याशिवाय मी वहीतलं पान कधीही पुरं करत नसे. तुकडे पूर्ण झाले की खाली माझी सही आणि रेघ. दीड वर्षातलं एकच पान अर्धं असणार, ज्या दिवशी शोध मधेच थांबला. त्या पानावर ज्याची सही, तो पगली वाजली तेव्हा माझ्या समोर होता. आणि ती वही पोलिसांनी उचललीच नव्हती. त्यांनी हजेरी नेली, कात्र्या नेल्या, सोळाच्या सोळा मशिनं उचलून ट्रकमध्ये नेली. गंजलेल्या सुयांची वही त्यांना रद्दी वाटली असावी.

वकिलीणबाईंनी अर्ज केला. तुरुंगाने आधी कळवलं, अशी वही नाही. मग दुसऱ्या पत्राने कळवलं, वही आहे, पण तिचा खटल्याशी संबंध नाही. तिसऱ्या सुनावणीला ती आली, कपाटातल्या ओलीने फुगलेली, टेपखाली सुयांचे तांबूस डाग उमटलेले. त्या दिवसानंतर मी ती पहिल्यांदा उघडली ती साक्षीत, न्यायाधीशांसमोरच. अर्धं पान एकच होतं. त्याच दिवसाची तारीख. मशीन नंबर सात. दोन तुकडे. त्याची सही. खाली माझी सही नाही, रेघ नाही.

साक्षीला गेले त्या दिवशी तो वॉर्डरही आला होता. काळा चष्मा, सोबत बायको. बाहेरच्या बाकावर आम्ही शेजारीच बसलो होतो. तो म्हणाला, “आप उसकी तरफ से हैं?”

मी म्हटलं, “कुणाच्याच तर्फे नाही. मला आठवतं तेवढं सांगणार.”

“मैंने नीला एप्रन देखा था मॅडम. मिर्ची के बाद भी थोड़ा दिखता है.”

त्याच्या बोलण्यात राग नव्हता, आणि तो खोटं बोलत होता असं मला आजही वाटत नाही. एप्रन बराकीत दोरीवर वाळत असायचे. टक्कल पडलेले पन्नास जण असतील त्या तुरुंगात. फाटक कुणी धरलं होतं हे पुढेही सिद्ध झालं नाही.

सरकारी वकिलांनी हजेरीपासून सुरुवात केली आणि तीन प्रश्नांत ती निकालात काढली. मी सही कधी करत होते, कुठे करत होते, तेव्हा किती जण समोर असत. मी सांगितलं, एकही नाही. न्यायाधीशांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. मग वहीवर आलो.

“घड़ी नहीं थी, तो आपको टाइम कैसे पता?”

“चहावरून.”

“और चाय लेट आई हो तो?”

“चहा उशिरा आला तर सोळा माणसं मला सांगतात, साहेब. तुरुंगात चहा उशिरा आलेला कुणी सोडत नाही.”

मागे कुणीतरी हसलं. मग ते रांगण्याचं वाक्य झालं आणि सरकारी वकीलही हसले. हसता हसताच त्यांनी कापडात बांधलेला मुद्देमाल मागवला. हातभर लांबीचा लोखंडी दांडा, एका टोकाला वाकलेला, लाखेची मोहोर लावलेला.

“इसे पहचानती हैं?”

“पायडल आणि चाकाच्या मधला दांडा. आमच्या मशिनांचाच आहे.”

“ज़ब्ती के काग़ज़ में लिखा है, सोलह मशीनों में से एक में यह दांडा नहीं मिला. सात नंबर में.” ते माझ्याकडे वळले. आता त्यांच्या तोंडावर हसू नव्हतं. “इसके बिना मशीन चलती है?”

मला कळलं ते कुठे नेतायत. दांडा फाटकाशी, तर मशीन बंद. मशीन बंद, तर सुई तुटणार कशी? म्हणजे पान खोटं, मी खोटी आणि मास्टर फाटकाशी. ‘चालत नाही’ हे पुस्तकातलं उत्तर होतं.

पण मी बावीस वर्षं कारागिरांमध्ये काढली आहेत.

“चालते,” मी म्हटलं. “लाकडाची पट्टी सुतळीने घट्ट बांधली तर चालते. खेड्यापाड्यात चालवतात. फक्त झटके बसतात. मधेच चाक उलटं फिरतं, दोरा अडकतो, सुई वाकते आणि...”

आणि मी थांबले. कारण बोलता बोलता माझ्याच लक्षात आलं. त्या आठवड्यात सातव्या मशीनचा आवाज बदललेला होता. मी मास्टरला म्हणालेही होते, पट्टा सैल झालाय का बघ. तो म्हणाला होता, देख लूंगा.

“और?” सरकारी वकील म्हणाले.

“आणि सुई तुटते.”

न्यायाधीशांनी लेखनिकाला ते पुन्हा वाचायला लावलं. मास्टर आरोपींच्या जागेत उभा होता, बाकीच्या तिघांपासून जरा लांब. त्याने मान खाली घातली होती. न्यायाधीशांनी मशिनांच्या जप्तीचा पूर्ण कागद मागवला. सात नंबरच्या पुढे लिहिलेलं होतं, दांडा नाही, लाकडी पट्टी बांधलेली. ते वर्षभर कागदात तसंच पडून होतं. कुणी विचारलं नव्हतं, कारण पट्टी तिथे कशाला असेल हे कुणाला माहीतच नव्हतं.

घरी जाताना मेट्रोत मी ते उलटसुलट करून पाहिलं. पट्टीने तो माझ्या समोर, मशीनवर होता हे सिद्ध झालं. पट्टीनेच हेही सिद्ध झालं, की दांडा गेलेला त्याला माहीत होता आणि त्याने तो झाकला. रोज सकाळी खोली झाडायला येणारा कैदी पळालेल्या तिघांपैकीच होता. दांडा त्यानेच नेला असणार. मास्टर आला, दांडा नाही हे पाहिलं, आणि गुपचूप पट्टी बांधून शिवायला बसला. तेव्हाच त्याने तोंड उघडलं असतं, तर त्या वॉर्डरचा डोळा शाबूत असता.

दोन महिन्यांनी निकाल लागला. मला कुणी बोलावलं नव्हतं. मी गेले, कारण काय लिहिलंय ते मला ऐकायचं होतं. तिघांना मोठ्या शिक्षा झाल्या, आधीच्या संपल्यावर सुरू होणाऱ्या. मास्टर हल्ला, कट आणि पलायन या सगळ्यातून सुटला. पण निकालात आणखी एक ओळ होती. आरोपीने सरकारी मालमत्ता गहाळ झाल्याचं लपवलं असं साक्षीवरून दिसतं, त्याबद्दल कारागृहाने नियमांप्रमाणे पाहावं. न्यायाधीश हे इतक्या खालच्या आवाजात वाचत होते की आरोपींच्या जागेत काहीच पोचलं नसावं.

बाहेरच्या व्हरांड्यात शिपाई त्याला घेऊन गाडीची वाट बघत उभा होता. वकिलीणबाई दुसऱ्या खटल्याला पळाल्या होत्या.

“मॅडम, क्या बोला जज साहब ने?”

“सुटलास. केसमधून सुटलास.”

“और जो बाद में पढ़ा?”

“माफी जाईल. दांड्याचं लपवलंस म्हणून.”

त्याने हिशोब केला. ओठ हलताना मला दिसले. उरलेल्या चार महिन्यांचे वर्षाहून जास्त झाले होते.

“वो पट्टी वाली बात आप न बोलतीं तो...”

“तर तू फाटकापाशी होतास. दहा वर्षं.”

शिपाई म्हणाला, जल्दी करो मास्टर, गाडी लग रही है. मला मात्र विचारायचंच होतं. त्यासाठीच मी आले होते.

“दांडा किती दिवस नव्हता?”

“अब छूट गया हूं, अब क्यों पूछती हैं?”

“मला जाणून घ्यायचंय.”

“तीन दिन.”

“त्यात एक दिवस माझा वर्ग होता. मला का नाही सांगितलंस? मी समोरच बसले होते.”

“बताता तो आप क्या करतीं?”

मी खरंच विचार केला. मी काय केलं असतं ते मला नेमकं माहीत होतं, कारण मी तशीच आहे.

“लिहून दिलं असतं. साहेबांकडे, तारीख घालून. मशीन नंबर सात, दांडा गहाळ, कळवणाऱ्याचं नाव...”

“नाम भी?”

“नाव लागतंच तक्रारीत.”

“और फिर चार बजे आप घर.”

“हो.”

“वो तीनों मेरी ही बैरक में थे, मॅडम.” तो म्हणाला, आणि शिपायाने हात ओढला तसा पायऱ्या उतरू लागला.

मी व्हरांड्यातच उभी राहिले. खाली, गाडीपाशी, काळा चष्मा लावलेला वॉर्डर बायकोचा हात धरून रिक्षाची वाट बघत होता. मास्टर त्याच्यासमोरून गेला. दोघांपैकी कुणीही मान फिरवली नाही. वॉर्डरला त्या बाजूने दिसत नसावं.